ठेका कुठून आला? गाण्याची वाट कानाने शोधायची रीत

मी नागपूरच्या ऑर्केस्ट्रांमध्ये ऑक्टोपॅड वाजवतो. लग्नसराईत रिसेप्शन, गणपती-देवीत मंडळांचे स्टेज, ऑक्टोबरात भीमगीतांचे कार्यक्रम, आणि मधल्या रिकाम्या दिवसांत इंदोऱ्याला घरीच पोट्टे शिकायला येतात. त्यांचा एक ठरलेला प्रश्न असतो, "भाऊ, हे गाणं कुठून उचललं?" प्रश्न चुकीचा नाही, पण फार अपुरा आहे. चाल एखादा माणूस उचलतो. लय, वाद्य आणि वाजवायची ढब मात्र बंदरांतून, रेकॉर्डींमधून, कोणी स्वस्तात विकून टाकलेल्या यंत्रांतून आणि पोटासाठी गाव सोडलेल्या वादकांच्या हातांतून फिरते. ती वाट कानाने शोधता येते. नोटेशन वाचता आलं पाहिजे असं काही नाही. पोट्ट्यांना मी जसं शिकवतो तसंच इथे लिहितो.

खालून ऐकायला लागा

आधी शब्द सोडा, मग चाल सोडा. फोनच्या स्पीकरवर ऐकू नका, त्यात बेस जवळजवळ नसतोच. कानात नीट बसणारे साधे इयरफोन पुरतात. एकच गाणं लागोपाठ ऐका. एकदा फक्त बेस आणि किक (पायाने वाजणारा मोठा ड्रम), एकदा स्नेअर (कडक आवाजाचा छोटा ड्रम), टाळी, खुळखुळा, मग वरची वाद्यं, आणि गायक अगदी शेवटी.

हा क्रम मुद्दाम उलटा आहे. भाषा बदलली की अक्षरं बदलतात आणि चाल लगेच वाकते. गायक तिला आपल्या गळ्याप्रमाणे वळवतो. ठेका वादकाच्या हातात बसलेला असतो, तो इतक्या सहज बदलत नाही. म्हणून परका धागा बहुतेक वेळा खालीच सापडतो.

आता टेबलावर करून बघा. सारख्या अंतराने एक ते आठ मोजत राहा, कहरव्याच्या आठ मात्रा मोजतो तसं. एक, चार आणि सात या आकड्यांवर टाळी द्या. अंतर पडतं तीन, तीन आणि दोन. हात बसला की पायाने एक आणि पाचवर ठोका धरा, आणि एकवरची टाळी सोडून फक्त चार आणि सातवर ठेवा. हा झाला डेमबो. रेगेटॉन या स्पॅनिश भाषेतल्या नाचाच्या संगीताची बहुतेक गाणी यावर उभी आहेत, आणि गेल्या काही वर्षांत आपल्याकडच्या डीजेंनी मिरवणुकीच्या मिक्समध्ये तो भरपूर वापरलाय.

याची वाट मागे जाताना बघा. डेमबो हे नाव जमैकाचा गायक शब्बा रँक्स याच्या १९९० च्या सुमाराच्या गाण्यावरून आलं. जमैकाची राजधानी किंग्स्टन, तिथल्या डान्सहॉल संगीताचा हा ठेका पनामा, न्यूयॉर्क आणि पोर्तो रिकोच्या स्पॅनिश गायकांनी धरला आणि रेगेटॉन घडत गेला. पण आठ मात्रांतले एक, चार, पाच आणि सात हे ठोके शंभर वर्षांहून जुने आहेत. क्यूबातून आलेल्या या ठेक्याला हाबानेरा म्हणतात. अमेरिकन संगीतकार डब्ल्यू. सी. हँडीने १९१४ साली 'सेंट लुईस ब्लूज' लिहिलं तेव्हा त्यातल्या एका भागात हाच ठेका ठेवला. म्हणजे ज्याला आपण खास अमेरिकेचं म्हणतो त्या ब्लूजच्या पोटात क्यूबा आहे. आणि क्यूबात ही लय आफ्रिकेतून गुलाम म्हणून पकडून आणलेल्या लोकांच्या हातांतून आली.

पुढचा भाग मला सगळ्यात जास्त हलवतो. १९३० च्या दशकापासून एचएमव्हीने क्यूबन गाण्यांच्या जी. व्ही. मालिकेतल्या ७८ आरपीएमच्या तबकड्या आफ्रिकेत विकायला नेल्या. काँगोच्या वादकांना त्यात आपलीच ओळखीची लय ऐकू आली. त्यांनी ती गिटारवर घेतली आणि काँगोलीज रुंबा तयार झाला. साखळदंडांत गेलेली लय शेलॅकच्या तबकडीवर परत आली.

एक सावधगिरी इथेच शिकून घ्या. तीन-तीन-दोन ही वाटणी ऐकू आली की लगेच "हे क्यूबाचं" म्हणू नका. आपला ढोलकीवाला कहरव्याच्या लग्गीत अशी वाटणी सहज करतो, त्यासाठी त्याला हवाना माहीत असावं लागत नाही. फरक ओळखायची खूण अशी: डेमबोत चार आणि सातवरचा स्नेअर गाणं संपेपर्यंत जागचा हलत नाही, कारण तो लूप असतो, म्हणजे यंत्रावर तोच तुकडा पुन्हा पुन्हा फिरत असतो. ढोलकीवाला दोन ओळी झाल्या की काहीतरी बदलतोच. हलतोय की गोठलाय, एवढं नीट ऐकलं तरी निम्मा निवाडा होतो.

वाद्य कुठल्या गावचं

ठेक्यानंतर वाद्य. ते दिसत नसेल तर सूर कसा सुरू होतो आणि कसा संपतो ते ऐका.

जुन्या हिंदी गाण्यांत, आणि आपल्या ऑर्केस्ट्रांत कालपरवापर्यंत, एक गिटार असायची जिचा सूर पडद्यावर न थांबता घसरत जायचा, अगदी मींडेसारखा. ती हवाईयन गिटार. मांडीवर आडवी ठेवून तारांवर लोखंडी सळई फिरवायची ही पद्धत एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी हवाई बेटांवर सुरू झाली, आणि तिचं श्रेय जोसेफ केकुकू या वादकाला देतात. हवाईयन वादक जगभर फिरले. ताऊ मो यांचं कुटुंब १९४० च्या दशकात कोलकात्यात राहून वाजवत होतं. त्याच शहरात गार्नी निस हवाईयन गिटार वाजवत होते. मग व्हॅन शिप्ले यांनी सिनेमाच्या चाली या गिटारीवर वाजवून रेकॉर्डी काढल्या. आपल्या कानांना मींडेची सवय आधीच होती, म्हणून हे वाद्य इथे इतकं रुजलं, असं मला ठाम वाटतं.

त्याच गिटारीची दुसरी वाट अमेरिकेत गेली. तिथे तिला पेडल लागले आणि ती कंट्री संगीताची पेडल स्टील झाली. तिसरी वाट नायजेरियाला पोचली. किंग सनी अडे यांच्या १९८२ च्या जुजू संगीताच्या रेकॉर्डमध्ये बोलक्या ढोलांच्या मधून पेडल स्टील वाहत असते. एकदा जुनं कंट्री गाणं, लगेच व्हॅन शिप्ले आणि लगेच सनी अडे असं ऐका. तिघांत काहीच सारखं नाही, फक्त घसरता सूर सारखा आहे. कान तयार करायला याहून चांगला धडा मला सापडलेला नाही.

आता आपल्या घरचं वाद्य. मिरवणुकीत बॅन्जो पार्टी येते तेव्हा गर्दीच्या वरून जो धारदार, कडकडीत सूर येतो तो बुलबुल तरंगाचा, त्याला पिकअप लावून अॅम्प्लिफायरला जोडलेलं असतं. त्याचा मूळपुरुष जपानी आहे. नागोया शहरात गोरो मोरिता यांनी १९१२ साली 'ताइशोगोतो' बनवलं. त्याच्या बटणांची कल्पना टाइपरायटरवरून घेतली होती. बटण दाबलं की तार दाबली जाते, दुसऱ्या हातातल्या नखीने छेडायचं. वाद्य स्वस्त, हलकं आणि लवकर हाताला बसणारं, म्हणून ते उस्तादांच्या बैठकीत न जाता गल्लीत गेलं. ओळखायची खूण: सूर लागण्याआधी बटणाचा बारीक टक् आवाज येतो, आणि मींड जवळजवळ नसते. म्हणून बॅन्जोवाले सूर लांबवायचा असला की तोच सूर भराभर छेडत राहतात. पुढच्या वेळी कीबोर्डवर कोणी बॅन्जोचा आवाज लावून वाजवला तर ही छेड आहे का बघा. नसेल तर त्या माणसाने बॅन्जो पार्टी जवळून ऐकलेली नाही.

पोटासाठी कोण कुठे वाजवत होतं

इथे कानाबरोबर डोळेही लागतात. रेकॉर्डचं कव्हर किंवा सिनेमाची श्रेयनामावली बघा, आणि संगीतकाराच्या नावावर थांबू नका. खाली सहायक आणि अरेंजर (कोणतं वाद्य कुठे काय वाजवेल हे बसवणारा) कोण आहेत ते वाचा. दोन संगीतांची गाठ बहुधा तिथे पडलेली असते.

आमच्या नागपूरकरांसाठी याचं सगळ्यात जवळचं उदाहरण सी. रामचंद्र. त्यांनी नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे शास्त्रीय संगीताचे धडे घेतले. डॉ. वसंतराव देशपांडेही सप्रे यांचेच शिष्य. याच रामचंद्रांनी १९५१ च्या 'अलबेला'त लॅटिन ढंगाची गाणी केली आणि १९५७ च्या 'आशा'मध्ये रॉक अँड रोल आणलं. हे झालं कसं? त्यांच्याबरोबर चिक चॉकलेट होते. खरं नाव अँटोनियो झेवियर वाझ, गोव्याचे ट्रंपेटवादक. हॉटेलात जॅझ वाजवायचे आणि स्टुडिओत सिनेमाचं काम करायचे. 'अलबेला'त ते आपल्या बँडसह पडद्यावरही दिसतात. गोव्यात पोर्तुगीज काळापासून चर्चच्या शाळांमध्ये नोटेशन आणि व्हायोलिन शिकवलं जायचं, त्यामुळे गोव्याचा वादक मुंबईत आला की लिहिलेलं संगीत बघता बघता वाजवू शकायचा. सेबॅस्टियन डिसोझांनी शंकर-जयकिशन आणि ओ. पी. नय्यर यांच्यासाठी अरेंजिंग केलं. कावस लॉर्ड यांनी बोंगो-कोंगोसारखी लॅटिन वाद्यं स्टुडिओत वाजवली. आर. डी. बर्मन यांच्याकडे अमृतराव काटकर रेसो-रेसो घासायचे. दक्षिण अमेरिकेतलं वाद्य आणि मराठी हात, आणि तो खरखरता आवाज आज कुठलाही ऑर्केस्ट्रावाला त्या गाण्यांचा अविभाज्य भाग मानतो.

म्हणून मी पोट्ट्यांना सांगतो, "कोणावर कोणाचा प्रभाव" असं लिहू नका. कोण कोणाच्या शेजारी बसून वाजवत होतं, ते लिहा.

साल जुळवा, मग रस्ता दाखवा

दोन गाणी सारखी वाटली की दोघांची सालं लिहा. मग विचारा, पहिलं दुसऱ्यापर्यंत पोचलं कसं? रस्ता दाखवता आला नाही तर फक्त "सारखं आहे" एवढंच लिहा.

रस्ता स्वच्छ दिसतो असं उदाहरण: जर्मनीच्या ड्युसेलडॉर्फचा क्राफ्टवर्क हा बँड यंत्रांवर थंड, शिस्तीचं संगीत करायचा. १९८२ मध्ये न्यूयॉर्कचा डीजे आफ्रिका बंबाटा याच्या 'प्लॅनेट रॉक'मध्ये त्यांच्याच एका गाण्याची चाल आणि दुसऱ्या गाण्याचा ठेका घेतलेला आहे, रोलंड टीआर-८०८ या ड्रम मशीनवर. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागातल्या नाचणाऱ्या पोरांना ते जर्मन रेकॉर्डी वाजवणाऱ्या डीजेंकडून ओळखीचं झालेलं होतं. त्याच्याही मागे जा. ब्रॉन्क्समध्ये हे हिप-हॉपचं पार्टीवेड ११ ऑगस्ट १९७३ च्या एका पार्टीपासून मोजतात. ती वाजवणारा कूल हर्क जमैकाहून आलेला होता, आणि रस्त्यावर भिंतीएवढे स्पीकर लावायची रीत किंग्स्टनचीच. आपल्याकडच्या डीजेच्या गाड्या बघताना मला हे नेहमी आठवतं, पण आपल्या गाड्या किंग्स्टनहून आल्या असं मी म्हणणार नाही. तो रस्ता मला दिसलेला नाही.

रस्ता नसल्याचं उदाहरण त्याहून मोलाचं आहे. मुंबईच्या सिनेमा स्टुडिओत वाजवणारे चरणजित सिंग यांनी १९८२ मध्ये दहा रागांची एक रेकॉर्ड केली, खाली डिस्कोचा सरळ ठोका. यंत्रं तीन: ज्युपिटर-८ हा सिंथेसायझर, टीआर-८०८ आणि बेसचे सूर काढणारं टीबी-३०३. ती फारशी चालली नाही. पाच वर्षांनी, १९८७ मध्ये, शिकागोच्या फ्यूचर या गटाने 'अॅसिड ट्रॅक्स' काढलं आणि अॅसिड हाऊस नावाचा नाचाच्या यंत्रसंगीताचा प्रकार सुरू झाला. २०१० मध्ये चरणजितांची रेकॉर्ड पुन्हा निघाली तेव्हा जगभरच्या लोकांना धक्का बसला, कारण ती हुबेहूब अॅसिड हाऊस वाटते. मग शिकागोने मुंबईचं घेतलं का? नाही. दोघांच्या हातात एकच यंत्र होतं. टीबी-३०३ हे बेस गिटारच्या जागी सोबतीला म्हणून बनवलं होतं, त्या कामात ते पडलं, आणि अमेरिकेत जुन्या बाजारात स्वस्तात मिळू लागलं म्हणून शिकागोच्या कमी पैशांच्या पोरांकडे आलं. त्यात एका सुरावरून दुसऱ्यावर घसरायची सोय आहे आणि आवाज चिमटत-उघडत नेणारी बटणं आहेत. चरणजितांना त्या घसरण्यात रागाची मींड दिसली. शिकागोच्या पोरांना त्या बटणांत वेगळीच नशा सापडली. दोन्ही रेकॉर्डी शेजारी ठेवून ऐका, आणि सारखेपणा माणसाचा आहे की यंत्राचा, हे आधी ठरवा.

नेमकं काय घेतलं

चाल, ठेका, वाद्य, ढब आणि प्रत्यक्ष ध्वनिमुद्रणाचा तुकडा या पाच गोष्टी वेगवेगळ्या आहेत. वहीत पाच रकाने करा.

चालीचं उदाहरण 'शोले'मधलं जिप्सींच्या तळावरचं गाणं. १९७५ च्या त्या गाण्याच्या आधी १९७४ मध्ये ग्रीक गायक डेमिस रूसोसने तीच चाल गायली होती, आणि त्याने ती सायप्रसच्या लोकगीतावरून घेतली होती. चाल तीच, पण आर. डी. बर्मन यांचा आवाज आणि तालवाद्यं तिला रूसोसपासून पार लांब नेतात. ऐकताना ही दोन्ही सत्यं लिहा.

तुकड्याचं उदाहरण ब्रिटनी स्पिअर्सचं 'टॉक्सिक'. त्यातली उंच, टोचणारी व्हायोलिनं १९८१ च्या 'एक दूजे के लिए'मधल्या लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांच्या गाण्यातून कापून घेतली आहेत. तुकडा ओळखायची खूण म्हणजे त्याच्याबरोबर जुन्या खोलीचा आवाज येतो. आजूबाजूचं सगळं कोरडं आणि स्वच्छ असतं, आणि तेवढी व्हायोलिनं कुठल्यातरी दुसऱ्या हॉलमध्ये वाजत असल्यासारखी वाटतात. वेग वाढवलेला असला तर सूरही वर चढून बारीक होतो.

आणि कधी कधी तुकडा दोन उड्या मारतो. पंजाबी एमसीचं १९९८ चं गाणं आपल्याकडे प्रत्येक वरातीत वाजलं. तुंबी, म्हणजे एका तारेचं वाद्य, पंजाबची. खालचा बेस मात्र 'नाइट रायडर' या अमेरिकन मालिकेच्या शीर्षकसंगीताचा, आणि त्याच वर्षी बस्टा ऱ्हाइम्स या रॅपरनेही तो वापरला होता. पंजाबी एमसी राहायचा इंग्लंडात. पुढे २००३ मध्ये जे-झीने त्यावर रॅप केलं.

नागपुरात कान कुठे लावायचा

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबतीच्या मिरवणुकीत जा. महाल-इतवारीच्या गल्ल्यांत एकामागून एक वाजंत्री येतात. फोनमध्ये दोन-दोन मिनिटं रेकॉर्ड करा आणि घरी येऊन फक्त खालचा ठोका लिहून काढा. वरातीत धुमाल मिळाली तर सोडू नका. ढोल-ताशे हाताने वाजतात, शेजारी पॅड आणि कीबोर्ड. ताशेवाला पॅडच्या लूपवर चढतो की पॅडवाला ताशाच्या मागे जातो, एवढं एकच बघा. माझ्या कामामुळे मला यात भारी रस आहे. ताशेवाला पुढे असला की गाणं सिनेमाचं असूनही आपल्या मातीचं वाटतं, आणि पॅडवाल्याने जागा सोडायला शिकावंच.

ताजबागेत उरुसाच्या वेळी कव्वाली ऐका, आणि ऑक्टोबरात दीक्षाभूमीवर भीमगीतं. १४ ऑक्टोबर १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर दरवर्षी इथे लाखो लोक येतात, त्यांच्याबरोबर गाणीही येतात. सत्यशोधक आणि आंबेडकरी जलशांनी तमाशाचा बांधा घेऊन त्यात विचार भरला होता. पुढे भीमगीतांनी कव्वालीची टाळी, कोरस आणि एकच ओळ फिरवून फिरवून चढवायची रीत घेतली. प्रल्हाद शिंदे यांच्या आवाजात विठ्ठलाची भक्तिगीतं, कव्वाल्या आणि भीमगीतं तिन्ही आहेत. तिन्हींतलं एकेक घ्या. कोरस मुख्य गायकाची ओळ कुठे तोडून हातात घेतो आणि टाळी समेवर पडते की मागून, ते खुणा करून लिहा. मग वामनदादा कर्डकांची रचना एखाद्या नव्या पोराने रॅपच्या ठेक्यावर केलेली ऐका. शब्द तेच असून श्वास घ्यायच्या जागा बदललेल्या असतात. तुकडोजी महाराजांच्या खंजिरी भजनांपासून सुरुवात केली तरी चालेल. खंजिरीच्या झांजांची सततची छनछन मनात ठेवा आणि मग कुठलंही डिस्को गाणं लावा. हाय-हॅट (ड्रमसेटवरच्या जोडझांजा) त्याच जागेवर चालू असतो, आणि यांच्यात रस्ता नाही. हे उदाहरण मी नव्या पोट्ट्यांना मुद्दाम पहिल्या आठवड्यात देतो.

शेवटचं काम जुन्या वादकांकडे जायचं. बँडचे म्हातारे मास्तर, ऑर्केस्ट्रातून निवृत्त झालेले अकॉर्डियनवाले, बॅन्जो दुरुस्त करणारे. त्यांना "तुमच्यावर कोणाचा प्रभाव" असं विचारू नका, उत्तर मिळत नाही. विचारा, "काका, हे वाद्य पहिल्यांदा कोणाच्या हातात पाहिलं? तेव्हा रेडिओवर काय ऐकायचात? हा पीस कोणी बसवून दिला?" परवानगी घेऊन फोन चालू ठेवा. बोलताना ते टेबलावर बोटं वाजवतील, ती बोटं रेकॉर्ड झालीच पाहिजेत, म्हणून फोन टेबलावरच ठेवा. घरी आल्यावर त्यांचे शब्द त्यांच्याच भाषेत लिहा, खाली तारीख टाका, आणि शेजारच्या रकान्यात तीन-तीन-दोन का काय ते मोजून घ्या.